न उतरणारी कबुतरं

"साहेब, दुपारपासून माझी नवारा नाही!" उम्म रिफअत, म्हणजे रिफअतची आई, पोलीस चौकीच्या दारातूनच ओरडली. "उद्या सकाळी नर्सिंगच्या शाळेत हजर व्हायचंय तिला. चुकली तर जागा गेली, पोरीचा जन्म गेला."

तपासनीस वजदी तिच्याबरोबर इंबाबा वस्तीतल्या गल्लीत शिरला. गल्ली अशी, की उन्हानंसुद्धा अंग चोरून यावं. एका खोलीत पाच माणसं. दाराशी बुटांचा एकच जोड.

"कुणाचे?"

"नवाराचेच. तिच्याकडे दुसरे कुठले असायला?"

गच्चीवर नवाराचा भाऊ रिफअत कबुतरांना खाली बोलवायला झेंडा फिरवत, शिट्टी वाजवत होता. उंच लाकडी खुराड्यातून पिल्लांचं चिंचिं येत होतं. वर कबुतरं घिरट्या घालत होती. खाली येत, पुन्हा उठत.

"बहीण कुठंय?"

"पळाली असेल कुणाबरोबर. शिकायची हौस ना तिला!"

"पाखरं का उतरत नाहीत?"

"आत मांजर शिरलंय."

"मग हाकल की."

"भूक लागली की येतील, वजदीसाहेब. तुम्ही चोर पकडा, कबुतरं आमच्यावर सोडा."

वजदीनं शिडी खुराड्याला लावली. शिट्टी थांबली.

"बूट दाराशी आहेत, रिफअत. म्हणजे ती गल्लीत उतरलीच नाही. आणि आत पिल्लं असताना मांजर शिरलं, तर कबूतरवाला जीव तोडून वर धावतो. तू खालीच उभा! मांजर नाही, आत माणूस आहे. म्हणून पाखरं आपल्याच घराला भितात."

त्यानं कडी काढली. नवारा. तोंडाला रुमाल, हात-पाय दोरीनं बांधलेले, केसांत पिसं.

रिफअतनं झेंडा खाली टाकला. "धान्यवाल्याला ती लग्नात दिली, की तो मला खोली देणार होता. खोलीशिवाय मला कोण मुलगी देईल? उद्याची शाळा चुकली, की सोडणारच होतो."

रुमाल आणि दोर सुटताच नवारानं विचारलं, "शाळा... उद्याच ना?"

"उद्याच, बाळा." आईनं खालून आणलेले बूट तिच्या पायांशी ठेवले. "आत्ताच मावशीकडे जा. खोलीत पाऊलही टाकू नकोस."

ती जिन्याकडे वळली. मागे कबुतरं एकेक करून उतरली, खुराड्यात शिरली. वजदीनं रिफअतचा दंड धरलेला. तरी रिफअतनं शिडीच्या पायरीवर पाय देऊन, मोकळ्या हातानं, रोजच्या सवयीनं खुराड्याची कडी लावली.

त्या आवाजानं नवारा दचकली. मग बुटांचे बंद न बांधताच धावत सुटली.