अळणी धिरडं

ड्यूटीवरून घरी आले, तर मागच्या अंगणात एक अनोळखी माणूस उकिडवा बसून आमचा तवा घासत होता.

साधंसुधं घासणं नव्हतं ते. विटेची भुकटी, लिंबाची फोड, तारेची घासणी... आणि जोर असा की दंडाच्या शिरा टरारून वर आलेल्या. (शिरा मी पाहिल्या, कबूल करते. फिजिओथेरपिस्टला स्नायू दिसतातच, त्यात माझा काही दोष नाही.)

"अहो! अहो, थांबा! काय चाललंय हे?"

तो झटकन उभा राहिला. अगदी सावधान.

"नमस्कार मॅडम. मी शिवतेज. खंडाळ्याकडच्या लीलाबाईंचा मुलगा. आईची आन काकूंची जुनी वळख. आईचं गुडघ्याचं आपरेशन झालंय न्हवं, ती बरी हुईस्तवर हरणाकाकूंनी हितंच ऱ्हायला सांगितलंय." मग त्यानं तवा दोन्ही हातांनी माझ्यासमोर धरला. "लय काळा पडला हुता. आता बघा, कसा लख्ख झालाय."

झाला होता खरा. आत्याचा तो बिडाचा तवा आजवर मी काळाकुळकुळीतच पाहिला होता. आता तो पार करडा, नागडा पडला होता. मला रडावं की हसावं कळेना.

"तुम्ही फौजेत आहात का हो?"

"व्हय. कसं वळखलं?"

"असा गुन्हा दुसरं कोण करणार?"

त्याचा चेहरा पडला. बिडाच्या तव्याला साबण-घासणी लावायची नसते, वर्षानुवर्षं मुरलेलं तेल हाच त्याचा अंगरखा असतो आणि त्यामुळेच धिरडं कागदासारखं सुटून येतं, हे मी त्याला सांगितलं. जरा मोठ्या आवाजातच सांगितलं.

"आमच्यात भांडं काळं दिसलं तर शिक्षा हुती, मॅडम," तो खाली बघत म्हणाला.

मला रागावायला कारणही तसंच होतं. हरणाआत्या ही माझ्या बाबांची थोरली बहीण. तिचे यजमान रेल्वेतून निवृत्त होऊन वारले, मुलगा परदेशी गेला, आणि मला मिरजेच्या हॉस्पिटलात नोकरी लागली तशी मी वाईहून आत्याकडे राहायला आले. दिवाळीत तिची साखर वाढली. डॉक्टरांनी सकाळच्या चहाबरोबरची खारी आणि बटर बंद करायला सांगितलं. आत्यानं घरात सुतक पाळल्यासारखं तोंड केलं. शेवटी नाना खटपटी करून मी तिला गव्हाच्या धिरड्यावर आणलं होतं. कणीक, मूठभर डाळीचं पीठ, ताक, किसलेला दुधी, आलं-मिरची, कोथिंबीर. तव्यावरून उतरलेलं धिरडं जाळीदार आणि मऊ निघालं तरच बाई खायच्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी पहिलंच धिरडं तव्याला असं चिकटलं की खरवडूनच काढावं लागलं. दुसऱ्याचीही तीच गत. आत्यानं ताटलीतला तो चुरा पाहिला आणि एक उसासा टाकला.

"ऱ्हाऊ दे बाई. मी आपली खारी खाते."

खारीचा डबा घरात नव्हताच, पण आता तो येणार हे तिच्या डोळ्यांत मला स्पष्ट दिसलं. मी उलथणं शिवतेजच्या हातात दिलं.

"ज्यानं बिघडवलं त्यानंच सुधारायचं."

"व्हय जी," तो म्हणाला, आणि खरोखरच बाह्या सरसावून ओट्याशी उभा राहिला.

त्यानंतर आमच्या सकाळी बदलल्या. समोरच्या वाद्यांच्या कारखान्यात तंबोऱ्याच्या तारा जुळवायला सुरुवात व्हायची, त्या आवाजात आमच्या स्वयंपाकघरात तवा तापायचा. अर्धा चिरलेला कांदा काट्याला टोचून, तेलात बुडवून तो तव्यावर गोल गोल फिरवायचा. मंद आच, पुन्हा तेल, पुन्हा कांदा. त्यात कुचराई नाही. पीठ मात्र त्याला जमेना. कणकेत एकदम पाणी ओतायचा आणि मग गुठळ्या फोडत बसायचा.

"थोडं थोडं ताक घाला. आणि एकाच दिशेनं फिरवा. धार पडली पाहिजे, गोळा नाही."

"असं?"

"असं नाही... द्या इकडं."

देताना आमची बोटं एकमेकांना लागली. दोघांनीही भांडं सोडलं नाही, त्यामुळे पीठ ढवळायचं राहूनच गेलं. आत्या देवघरातून खाकरली.

धिरडं घालायचं ते कडेपासून आत यायचं, हेही त्याच्या पचनी पडत नव्हतं. तो मधोमध ओतायचा आणि मग ते जिकडे जाईल तिकडे जाऊ द्यायचा.

"हा कुठला नकाशा?" मी विचारायचे.

"पठाणकोट."

"आणि हा?"

"ह्यो... ह्यो सिक्किम असंल. हितं लय थंडी असती, मॅडम. तुमाला न्हाई सोसायची."

"मला काय सोसतं ते तुम्हाला काय माहीत?"

त्यावर तो नुसता कान लाल करून झाकण ठेवायचा.

झाकणाखाली चर्र आवाज यायचा, आल्याचा वास घरभर पसरायचा, आणि मला ड्यूटीला उशीर व्हायचा. तवा हळूहळू पुन्हा काळा व्हायला लागला. एके सकाळी पहिलंच धिरडं कडेनं सुटलं, त्यानं मनगट फिरवून ते उलटलं आणि ते अखंड, तांबूस, जाळीदार आत्याच्या ताटलीत पडलं. आत्यानं एक घास खाल्ला, दुसरा खाल्ला.

"शिवा, तुज्या आयशीला सांग, पोरगं कामाचं निघालं," ती म्हणाली.

तो माझ्याकडे बघून हसला. मी प्रेमात पडले होते. उगाच आडपडदा कशाला ठेवू?

पण त्याच दिवशी दुपारी आत्याला सांगलीहून फोन आला. पृथ्वीराज नावाच्या मुलाचं स्थळ होतं, मुलगा पुण्यात इंजिनियर. मंडळी रविवारी बघायला येणार होती. महिन्याभरापूर्वी आईनं विचारलं तेव्हा मी "बघू" म्हणाले होते, आणि आमच्या घरात "बघू" म्हणजे अर्धा होकार. आत्यानं संध्याकाळी ही बातमी शिवतेजच्या देखतच सांगितली. तो पाणी पीत होता. त्यानं तांब्या खाली ठेवला, आणि सकाळी बघते तर बॅग भरून दारात उभा.

"आईला घरी सोडंस्तवर तिकडंच हॉस्पिटलपाशी खोली घेतो, काकू."

"आरं, आसं एकाएकी? निदान न्याहारीला तरी येत जा."

"न्हाई काकू. कँटीनमधे खातो." माझ्याकडे त्यानं बघितलंसुद्धा नाही.

मग मी काय करणार? खलबत्त्यात आलं कुटलं. इतकं कुटलं की आत्या म्हणाली, "आगं, त्याचा जीव कवाच गेलाय." मनात म्हटलं, जाऊ दे. तवा घासला तसं इथलं सगळंच घासूनपुसून चालला असेल तर जाऊ दे खुशाल... आणि दिवसभर कुणाशीही धड बोलले नाही.

शुक्रवारी हॉस्पिटलात लीलाबाईंना वॉकर धरून चालवायचं काम माझ्याचकडे होतं. बाई हाडाच्या शेतकरी. कळ आली तरी ओठ न हलवता चालायच्या. त्या दिवशी मात्र मधेच थांबल्या.

"पोरी, तुजं ध्यान कुठं हाय? मला भिताडावर न्हेतीस का काय?"

"सॉरी, लीलाकाकू."

"तू हितं आशी, आन त्यो तिकडं कँटीनमधे वडापाव म्होरं ठिवून बसलाय. खाईनाबी आन बोलंनाबी." त्या वॉकरवर रेलल्या. "मला म्हनला, आई, पूजा मॅडमसाठनं इचारायचं हाय. मी म्हनलं, मंग इचार की हरणाला! तर म्हनतो कसा, ज्या घरचं मीठ खाल्लं त्या घरातल्या पोरीवर डोळा ठिवला आसं हुईल. त्या घरचं खानं आधी बंद करतो, मीठ अंगातनं उतरू दे, मंग बघू. त्याच्या बाचं वळन, दुसरं काय! आगं, मीठ उतराया त्यो काय ताप हाय? सोमवारी तर सुट्टी सपतीया त्याची."

मी तिथंच उभी राहिले. रविवारी सांगलीची मंडळी, सोमवारी तो गाडीत, आणि हा बाबा कँटीनमध्ये बसून अंगातलं मीठ उतरवतोय! इतका राग आला, आणि इतकं बरं वाटलं... दोन्ही एकदमच.

"चला काकू," मी म्हणाले. "अजून खिडकीपर्यंत जायचंय."

शनिवारी माझी सुट्टी होती. सकाळीच मी पीठ भिजवलं. कणीक, डाळीचं पीठ, ताक, दुधी, आलं, मिरची. आत्या पाठीमागे येऊन उभी राहिली. तिनं बोट बुडवून चव घेतली.

"आगं, मीठ इसरलीस."

"विसरले नाही."

आत्या माझ्याकडे बघत राहिली. मी सगळं सांगितलं, लीलाबाई काय म्हणाल्या ते, आणि मला काय वाटतं तेही. आत्या माझी आहे, पण सांगलीच्या लोकांना तिनंच शब्द दिला होता.

तिनं पदरानं हात पुसले आणि फोन उचलला. पलीकडे सांगलीची बाई असावी. "न्हाई, उद्या नगा येऊ. पोरीचं मन दुसरीकडं हाय, मला उशिरा कळलं, माजीच चूक झाली," इतकंच बोलून तिनं फोन ठेवला. मग मला म्हणाली, "मिरची जरा जास्ती घाल. आळनी कसं खाईल ते पोरगं?"

हॉस्पिटलच्या आवारात चिंचेखाली बाक आहे. तो तिथंच बसला होता. मी शेजारी जाऊन बसले आणि डबा मधे ठेवला.

"खा."

"न्हाई मॅडम. माफ करा. काकूंच्या घरचं..."

"एकच घास."

आर्जवानं नव्हे, मी हुकूम सोडल्यासारखंच म्हटलं असणार, कारण त्यानं निमूटपणे तुकडा तोडला. दोनदा चावला. थांबला.

"ह्यात मीठ न्हाई."

"नाही."

"इसरलात?"

"धिरड्यात मीठ विसरणारी वाटले मी तुम्हाला?"

त्याच्या हातातला तुकडा तसाच राहिला. आधी कान लाल झाले, मग मान, मग सगळा चेहरा.

"आई बोलली व्हय..."

"बोलल्या. माझ्या अभ्यासात हाडं होती, स्नायू होते, पण मीठ अंगातून किती दिवसांत उतरतं ते काही नव्हतं. आणि तुम्ही तर परवा चाललात. म्हणून म्हटलं, आमच्या घरचं अळणीच खा. आता तुमच्यावर आमचं काही ओझं नाही. काय विचारायचं होतं ते विचारा."

वाऱ्यानं चिंचेचा पाला आमच्या अंगावर पडत होता. शिवतेजनं ते अख्खं अळणी धिरडं सावकाश संपवलं. मग रुमालानं हात पुसले आणि पहिल्यांदाच सरळ माझ्या डोळ्यांत बघितलं.

"तुमी मला आवडता. लय आवडता. पयल्या दिशी वरडला न्हवं, तितनंच. पर माझी नोकरी आशी... वरसातनं दोनदा घरी येनं. कवा कुठं धाडतील सांगता येत न्हाई. तुमचं काम हितं हाय, तुमच्या हातनं मानसं पायावर हुबी ऱ्हात्यात. ते सोडून या, आसं मी कवाच म्हननार न्हाई. वाट बघाय लागंल, येवढं मातर खरं." तो थांबला. "पूजा... लगीन करशील माझ्याशी?"

येताना रिक्षात मी काय काय उत्तरं जुळवली होती! एकदम टोचणारी, हसवणारी. त्यातलं एकही आठवेना.

"हो," मी म्हणाले. "करेन. आणि वाटही बघेन, पण भांडत भांडत."

तो हसला, डोळे ओले करून हसला. मी डब्याचा खालचा खण उघडला. आत फडक्यात गुंडाळलेलं आणखी एक धिरडं होतं, अजून कोमट.

"ह्ये बी आळनीच?"

"यात मीठ आहे. आत्यानं स्वतःच्या हातानं घातलंय. म्हणाली, तू हो म्हणालीस तरच त्याला दे." मी ते त्याच्यासमोर धरलं. "पण नीट विचार करून घ्या हां. हे एकदा खाल्लंत, की मग जन्मभर या मिठाला..."

माझं वाक्य पुरं व्हायच्या आत त्यानं अर्धं संपवलं होतं.