साडेसातची ऋजुता

शैलजाबाईंचा फोन दवाखान्याच्या पिशवीतच राहून गेला होता. त्या गेल्याच्या तिसऱ्या दिवशी शेजारच्या अत्तारकाकूंनी तो शोधून चार्जिंगला लावला. नातेवाइकांचे फोन येत असतील म्हणून. सुतकाच्या घरात चूल पेटत नव्हती. काकू पिठलं-भाकरी घेऊन आल्या होत्या आणि शैलजाबाईंच्या यजमानांना, विलासरावांना, व मुलीला, ऋजुताला, बळेबळे वाढत होत्या.

"चार घास तरी खा गं. तुझी आई बघत असंल तर मलाच बोलंल," काकू म्हणाल्या. "लई कौतुक होतं तिला तुझं. रोज साडेसातला फोन! आमचा अस्लम दुबईतनं ईदेला करतो, तेपण मीच मिस्ड कॉल दिल्यावर."

ऋजुतानं मान वर केली नाही. तेवढ्यात फोन वाजला.

पडद्यावर तिचाच फोटो होता. खाली नाव होतं, 'ऋजू'.

काकूंनी फोनकडे पाहिलं, मग तिच्याकडे. "अगंबाई, तू तर इथं बसलीयस."

ऋजुता उठेपर्यंत विलासरावांनी फोन उचलला होता.

"आई, जेवलीस का गं?" तिचाच आवाज खोलीत घुमला. अक्षरांवरचा जोरही तिचाच होता. त्यातली सवड तेवढी तिची नव्हती. "गुडघा कसाय? शेक घेतलास ना? की मला नुसतं हो म्हणतेस?"

विलासरावांनी आपल्या बाजूचा आवाज बंद केला आणि फोन मांडीवर ठेवला. "हे काय आहे?"

काकू पदर सावरत निघून गेल्या. दार त्यांनी अगदी हळू ओढून घेतलं. त्या हळूपणानं ऋजुताचे कान तापले.

"प्रतिवाणी म्हणतात, बाबा," ती म्हणाली. "माझ्या आवाजावरून, माझ्या जुन्या बोलण्यावरून बनवलेली. माझ्याऐवजी ती बोलते."

"कधीपासून?"

"दीड वर्ष झालं."

नोंदणीच्या वेळी प्रतिवाणी बनवणाऱ्या कंपनीच्या लोकांनी मायलेकींचं जुनं बोलणं ऐकून दोघींची बंधशैली काढली होती. माणूस लहानपणी ज्या तऱ्हेनं कुणाला तरी बिलगायला शिकतो, त्याच तऱ्हेनं पुढे प्रेम करतो, असं त्यामागचं शास्त्र. आईचा बंध चिंतातुर निघाला: उत्तर आलं नाही की ती पुन्हा फोन करणार, मग पुन्हा. ऋजुताचा अलिप्त: कुणी मागे लागलं की ती आणखी दूर सरकणार. एक धावायची, दुसरी पळायची आणि दोघीही दमायच्या. प्रतिवाणीला त्यांनी तिसरी शैली दिली, निर्धास्त. ती वैतागत नसे, टाळत नसे, एकच गोष्ट सातव्यांदा ऐकतानाही 'मग काय झालं?' असं विचारत असे. काही महिन्यांतच आईचे अवेळी येणारे फोन थांबले. 'आपल्या आईची अस्वस्थता पुष्कळ कमी झाली आहे,' असा कंपनीचा निरोप आला, तेव्हा ऋजुतानं तो ऑफिसात मैत्रिणीला अभिमानानं दाखवला होता. आईला बरं वाटावं म्हणून आपण काहीतरी केलं, असं तिला खरोखर वाटत होतं.

विलासरावांनी ताट बाजूला सारलं.

"दवाखान्यात मी म्हणालो, ऋजूला बोलावून घेऊ. तर म्हणाली, कशाला? कालच पोटभर बोललो की आम्ही. तिला धावपळ नको. पूर्वीची शैलजा असती, तर तुला रिक्षातूनच दहा फोन लावले असते तिनं."

ऋजुताला वाटलं, त्यांनी ओरडावं. विलासराव ओरडणाऱ्यांतले नव्हते.

"माझ्यावरच गेलीस तू," ते म्हणाले. "साडेसातला तुझा फोन आला की मी चप्पल घालायचो. म्हणायचो, चला, आता तासभर सुटलो. तळ्याला दोन फेऱ्या मारून यायचो. ती काय बोलते ते मीही कधी ऐकलं नाही."

मांडीवरच्या फोनमधून आवाज आला. "आई? आहेस ना? सावकाश बोल. मला घाई नाही."

विलासरावांनी फोन तिच्यापुढे धरला. "तिला सांग."

"बाबा, ते यंत्र आहे. मी बंद करते."

"दीड वर्ष ती रोज बोललीय शैलजाशी. तिला सांगून बंद कर."

ऋजुतानं फोन हातात घेतला. स्वतःच्या फोटोकडे बघत तिनं आवाज चालू केला. "आई गेली," ती म्हणाली. "सोमवारी पहाटे."

पलीकडे एक श्वास अडखळला आणि तिचाच आवाज रडू लागला. आधी दबून, मग मोकळा, लहान मुलीसारखा. हुंदक्यांमध्ये तो आईच्या गोष्टी सांगत होता: अबोलीच्या कुंडीला कळ्या आल्या होत्या, शनिवारी ती खळखळून हसली होती, हिवाळ्यात लेकीकडे येऊन राहायचं म्हणत होती. यातलं काहीच ऋजुताला ठाऊक नव्हतं.

विलासरावांचा हात पुढे झाला आणि फोनवर, फोटोतल्या तिच्या केसांवर, टेकला. "उगी, बाळा," ते म्हणाले. "उगी."

ऋजुता हातभर अंतरावर बसली होती. तिनं ते ऐकलं आणि घाईघाईनं बटणाकडे बोट नेलं.

विलासरावांनी तिचं मनगट धरलं. त्यांच्या बोलण्यात राग नव्हता. ते खरंच विचारत होते.

"थांब. तिला रडून घेऊ दे. तुला येतं का असं रडता?"