फासे जप्त करायला गेलेला माणूस

कचेरीत त्यांना सगळे 'नियमराव' म्हणत. नाव चिडवायला ठेवलेलं, पण त्यांना ते पदवीसारखं वाटे. जप्ती खात्यात तीस वर्षं कारकुनी केली; एक दिवस उशीर नाही की कागदावर एक खाडाखोड नाही. त्या दुपारी काम एवढंच होतं की निवृत्त गणितमास्तरांच्या घरचे फासे जप्त करायचे आणि सहाच्या आत घर गाठायचं. त्या संध्याकाळी, तब्बल दोन वर्षांनी, लेक येणार होती. निघताना बायकोनं बजावलं होतं, "आज तरी सरकार जरा बाजूला ठेवा."

मास्तर यदृच्छाविद्या शिकवत, आणि तिच्यावर कडक बंदी होती. ही विद्या म्हणते, दर दाराशी फासा टाकायचा, सम पडला तर उजवीकडे, विषम पडला तर डावीकडे. मनात कसलाही हेतू धरायचा नाही. मग काळाला माणसाचा माग लागत नाही, आणि माणूस भलत्याच दिवशी बाहेर पडतो.

दार मास्तरीणबाईंनी उघडलं.

"मास्तर आहेत?"

"अकरा वर्षांपूर्वी गेले."

"अरेरे..."

"तसे नव्हे हो! येतात अधूनमधून. परवाच आले होते, बावीस वर्षांचे. मला 'आजी' म्हणाले. दोन दिवस बोलले नाही मी."

नियमरावांनी हे ऐकलंच नाही असं दाखवलं. त्यांनी पुढे केलेल्या जप्तीच्या कागदात त्यासाठी रकाना नव्हता. बाईंनी फाशांचा डबा आणून दिला. ते फासे मोजू लागले. एक, दोन... तिसरा बोटांतून निसटला, टकटक करत लांबलचक बोळात गेला आणि डावीकडच्या दारातून आत घुसला. नियमराव मागोमाग. सरकारी माल हातचा सोडतात थोडाच!

आत तीच बैठकीची खोली होती. फक्त भिंतींना ताज्या रंगाचा वास येत होता, आणि खिडकीशी विशीतली एक मुलगी वेणी घालत होती.

"मास्तरीणबाई...?" त्यांच्या तोंडून निघालं.

"इश्श! माझं लग्न व्हायचंय अजून!"

त्यांनी फासा उचलला, माफी मागितली आणि आल्या दारानं बाहेर पडले. बाहेर मात्र बोळ नव्हता. काळोख होता. खिडक्यांवर फळ्या ठोकलेल्या, ओल्या मातीचा कुबट वास, आणि चाचपडता चाचपडता हाताला लागलेलं लाखेचं सील. त्यांच्याच खात्याचं. लाख जुनी होऊन भुगा झाली होती. भिंतीपलीकडे कोणीतरी फासे टाकत होतं. खुळखुळ... मग शांतता. खुळखुळ...

"कोण आहे?"

खुळखुळ थांबली. कोणीतरी उत्तर द्यावं की नाही याचा विचार करत असावं, तशी थांबली.

नियमराव भिंतीपासून मागे सरले. तेवढ्यात दाराच्या फटीतून मास्तरीणबाईंचा आवाज आला, विहिरीच्या तळातून यावा तसा. "फासा टाका... आणि घरी जायचं मनात आणू नका. धडपडणारा बुडतो. लाकूड आपोआप काठाला लागतं."

"बाई, तो गुन्हा आहे!"

"मग राहा तिथंच."

भिंतीपलीकडची खुळखुळ आता जवळून आली. नियमरावांनी अंधारातच आधी स्वतःविरुद्ध पंचनामा लिहिला, खाली सही केली आणि मग फासा टाकला. पण मनात लेक होती. दार उघडलं तर तीच खोली, आणखी काळोखी, आणि खुळखुळ आता खोलीच्या आत. दुसऱ्यांदा टाकला. मनात पुन्हा लेकच. या वेळी कोणाचा तरी श्वास त्यांच्या मानेला लागला.

मन रिकामं कसं करावं? शेवटी त्यांना तीस वर्षांची तपश्चर्या आठवली. ते मोठ्यानं म्हणू लागले, "परिपत्रक क्रमांक चारशे बारा. विषय, टाचण्यांच्या वापराबाबत. उपरोक्त विषयान्वये कळविण्यात येते की..." तिसऱ्या परिच्छेदापर्यंत त्यांच्यात कसलीच इच्छा उरली नाही. मानेवरचा श्वासही मंद झाला. बहुधा त्यालाही पेंग आली. फासा पडला. त्यांनी बोटांनी ठिपके चाचपले. सम. उजवीकडे.

बोळ! आणि बोळाच्या टोकाला मास्तरीणबाई.

"टाचण्यांनी तारलं म्हणायचं," त्या म्हणाल्या. "आमचे हे फार हौशी. म्हणून अडकले."

फासे तिथंच टाकून नियमराव धावत सुटले. सहाला पाच कमी असताना त्यांनी घरची कडी वाजवली. लेकीनंच दार उघडलं. तीस वर्षांत पहिल्यांदा ते असे दारातच, चारचौघांत रडले. बायको म्हणाली, "आधी आत तरी या."

लेक मात्र खाली बघत होती. "बाबा, हे काय घातलंय?"

त्यांच्या दोन्ही पायांत डावेच बूट होते. एक त्यांचा रोजचा. दुसराही तोच, त्याच ठिकाणी तोच टाका घातलेला. फक्त तळ चाळीस वर्षं चालल्यासारखा झिजून आरपार गेलेला.

"चावत नाही का?"

नियमरावांनी उजव्या पायाची बोटं हळूच हलवून पाहिली. नाही. बरोब्बर बसला होता, जणू ती चाळीस वर्षं तोच पाय चालला होता.