वादातलं बाकडं

मानवतच्या स्टँडवर बस थांबली. खिडकीतून वाऱ्यानं कापसाचा एक पुंजका आणला, नि तो अलगद माझ्या केसांत बसला. मला कळलंच नाही. शेजारच्या सीटवरून आवाज आला,

"मॅडम… बोंड फुटलंय तुमच्या केसांत."

मी काचेत बघून पुंजका काढला. तो हसला. सावळा, गळ्यात रुद्राक्ष, मांडीवर फायलींची पिशवी. माझ्याही मांडीवर तसलीच.

"संभाजीनगरला चाललात?" मी विचारलं.

"हो. हायकोर्टात तारीख हाय माझी. आमच्या खात्यात एक रुद्राणी मॅडम हायत. ग्रामसेवक होत्या, बढतीनं विस्तार अधिकारी झाल्या. मी सरळसेवेचा, परीक्षा देऊन आलेलो. त्या आधी आल्या खऱ्या, पण तात्पुरत्या बढतीवर. तरी ज्येष्ठतेच्या यादीत माझ्या वर! अन् वरच्या पदाची जागा एकच सुटणार. यादीत जो वर, त्याची ती."

"लय खडूस असतील त्या."

"असतीलच. तालुका वेगळा, अजून बघितल्या न्हाईत."

"बघा की मग…" मी ओढणी सावरली. "खिडकीत बसल्यात."

पाथरी येईपर्यंत तो पिशवीतल्या फायली उगाच खालीवर करत राहिला. मग हळूच शेंगांची पुडी माझ्याकडं सरकली.

"प्रतिवादीला शेंगा चालतात का?"

हा श्रीशैल. पूर्णा तालुक्यातला, चुडाव्याचा. चौथ्या खेपेला परीक्षा निघाली होती त्याची. अन् मी? बाबा गेले, त्यांच्या जागी कोवळ्या वयात ग्रामसेवक झाले. चारठाण्याच्या बाजूची गावं उन्हातान्हात पायाखाली घातली, तेव्हा कुठं ही बढती. आम्हा दोघांनाही फुकट काही मिळालं नव्हतं… म्हणूनच तर दोघंही सोडायला तयार नव्हतो.

पुढच्या महिन्यापासून जिल्ह्याची एकत्र महिना-बैठक सुरू झाली. तिथं खुर्च्या ज्येष्ठतेनं लागतात. आमचा नंबर कोर्टात अडकलेला. साहेबांनी तोड काढली, "निकाल लागेपर्यंत तुम्ही दोघं भिंतीकडच्या बाकड्यावर बसा." सगळे त्याला 'वादातलं बाकडं' म्हणू लागले. एका टोकाला खिळा वर आलेला. पहिल्याच बैठकीत श्रीशैल त्या टोकाला जाऊन बसला. पुढंही तिथंच. चहा आला की आधी कप माझ्याकडं. मी लिहिताना माझा कागद पंख्यानं उडायचा… त्याचं बोट येऊन त्यावर टेकायचं.

पाऊस सरला, जोंधळा पोटरीला आला. एकदा तो कागदावरून बोट न उचलताच म्हणाला,

"याचिका मागं घेऊ का?"

"खबरदार! दानातली जागा मला नको."

"मग… दुसरं काही विचारू?"

"निकालाआधी न्हाई. अन् निकाल लागला की, हरंल त्यानं विचारायचं."

"असं का?"

"जिंकणाऱ्यानं विचारलं तर ते सांत्वन वाटतंय."

"म्हंजे मी हरायचा नवस बोलू?"

"बोला की. मी तर न्हाई बोलणार."

घरी माझी आई, बसम्माबाई, सुपात जोंधळे पाखडत होती. तिच्या नजरेतून काही सुटत नाही. माझ्याकडं न बघताच तिनं ओवी धरली,

*बांधाचा गं बाई तंटा, बांधापाशी ऱ्हायला*
*दोन्ही रानाचा जोंधळा, एका वाऱ्यानं डुलला*

निकाल लागला. तात्पुरत्या बढतीचा काळ ज्येष्ठतेत धरता येत नाही… श्रीशैल वर, मी खाली. निकाल वाचला, पुन्हा वाचला. मग रांजणातल्या गार पाण्यानं तोंड धुतलं. बाबांच्या फोटोपुढं जरा वेळ उभी राहिले. त्याचा फोन आला नाही. शब्द पाळत होता बिचारा.

पुढच्या बैठकीत तो पहिल्या रांगेत, मी पार मागच्या. बाकड्यावर शिपायानं फायलींचे गठ्ठे रचलेले. श्रीशैल सारखा मागं वळून बघत होता. साहेबांनी विचारलंसुद्धा, "काय हो, मान लचकली का?"

बैठक सुटली. तो अंगणातल्या लिंबाखाली उभा. जिंकलेला, नि चेहरा मात्र हरल्यासारखा.

"अभिनंदन, सरळसेवा."

"रुद्राणी, मी काय बोलू…"

"काही न्हाई. विचारायची पाळी माझी हाय. त्या बाकड्याबिगर… सुनं वाटायलंय मला. घरी एक करून घेऊ? दोघांपुरतं. तिथं यादी लावायची न्हाई."

त्याचे डोळे भरून आले. मग हळूच म्हणाला,

"खिळ्याकडची बाजू माझी. तिथं मी आधीपासून हाय."

"मंजूर. पण एक सांगून ठेवते, मी दिल्लीला अपील करणार हाय. तुमच्याच विरुद्ध."

"करा की," तो म्हणाला. वाऱ्यावर तरंगत आलेला कापसाचा पुंजका माझ्या केसांवर टेकला होता. या बारी सांगत बसला नाही… त्यानंच तो अलगद टिपला. "तारखेला सोबत जाऊ. शेंगा मी आणतो. खिडकी तुमची."