कॅमेऱ्याच्या डावीकडे

त्या दिवशी नायिका आपले क्लोजअप उरकून दुसऱ्या मालिकेच्या सेटवर पळाली नसती, तर पुढचं काहीच घडलं नसतं. पण ती गेली, आणि मागे राहिला नायकाचा मित्र. म्हणजे मित्राचं काम करणारा नट. त्याचा क्लोजअप बाकी होता आणि समोरून बोलायला कुणीच नव्हतं. दिग्दर्शकाने इकडेतिकडे पाहिलं आणि सगळ्यात जवळ जी उभी होती, तिला कॅमेऱ्याच्या डावीकडे नेऊन उभं केलं. नायिकेची वाक्यं तू वाच, म्हणाला, अभिनय नको, नुसती वाच.

ती म्हणजे वहीताई. कोणत्या शॉटमध्ये कुणाच्या बाहीची घडी किती होती, कपात चहा किती उरला होता, हे सारं वहीत टिपून ठेवणं तिचं काम. तिने नायिकेची हळवी वाक्यं किराणा मालाची यादी वाचावी तशी वाचून टाकली. शॉट संपल्यावर तो जवळ आला.

"इतक्या प्रेमाने मला आजवर कुणी 'नाही' म्हटलं नव्हतं."

"मी कुठे म्हटलं? कागदाने म्हटलं."

"आणि तुमचं स्वतःचं मत?"

"माझं मत... तुमच्या कॉलरची डावी बाजू वर राहिलीये."

तो हसला, आणि वहीताईने कारण नसताना वहीचं पान उलटलं.

तेव्हापासून हा पायंडाच पडला. नायिका गेली की तिच्या जागी वहीताई. उंची कमी पडायची म्हणून पायाखाली लाकडी खोका यायचा, आणि खोक्यावर चढताना तो हात पुढे करायचा. खोका जेमतेम वीतभर उंच. त्यावर चढायला कुणाच्या हाताची गरज नव्हती, हे दोघांनाही ठाऊक होतं. वाचताना मात्र ती डोकं वर काढत नसे. ओळीखाली बोट आणि बोटावर नजर. एक शब्द इकडचा तिकडे झाला की बोलणी तिलाच बसायची.

अख्खं युनिट तिला ताई म्हणे. तो तेवढा नुसतं 'वही' म्हणायचा.

बारा वर्षं तो नायकाचा मित्रच होता. नायक बदलले, हा तोच. याने चिठ्ठ्या पोचवल्या, बंद पडलेल्या गाड्या ढकलल्या, दोनदा नायकाच्या वाटची गोळीही खाल्ली. एका पोस्टरवर त्याचं कोपर आलं होतं. रस्त्यात लोक थांबवून विचारत, तुम्हाला कुठेतरी पाहिलंय, तुम्ही आमच्या शेजारी राहायचात का? तो हो म्हणून टाकायचा. उगाच कशाला कुणाला खट्टू करा.

आणि मग खिडकीचा प्रसंग आला. मित्राचं नायिकेवर मनातल्या मनात प्रेम आहे, अशी कल्पना लेखकाला सुचली होती. बाहेर पाइपातून सोडलेला पाऊस, आत हा, आणि नायिका त्याला आपलं लग्न ठरल्याचं सांगते. याला एकही वाक्य नव्हतं. याने फक्त बघायचं होतं.

तो भाग लागला तेव्हा वहीताई घरी आई आणि मावशीच्या मधोमध बसली होती. पडद्यावर त्याने नजर उचलली आणि मावशीच्या हातातलं विणकाम थांबलं.

"अगं बाई," मावशी म्हणाली, "हा काही अभिनय नाही हो. या दोघांचं बाहेरही नक्की आहे."

आई म्हणाली, शोभतातही छान. वहीताईच्या अंगाचा तिळपापड झाला. उशिरा आलेला उन्हाळा आहे, फार उकडतंय, असं काहीतरी बोलून ती गॅलरीत गेली आणि मोबाइलवर तीच नजर पुन्हा पुन्हा बघत राहिली. अकरा वेळा. माझ्याकडे कधी बघितलं असं? हात देतो, चिडवतो, कॉलर नीट करून घेतो... आणि असलं बघणं मात्र तिच्यासाठी राखून. तिला सरळसरळ हेवा वाटत होता आणि हेवा वाटतोय याची लाजही.

पुढच्या आठवड्यात तिने सेटवर त्याला सळो की पळो करून सोडलं. केस मागच्या शॉटसारखे नाहीत, घड्याळ दुसऱ्या हातात हवं, रुमाल चुकीच्या खिशात आहे. एकदा तो नायिकेशी बोलत उभा असताना तिने वहीत लिहिलं, 'हसू : गरजेपेक्षा जास्त', आणि खोडलं. माझं काही चुकलं का, असं त्याने दोनदा विचारलं. दोन्ही वेळा तिने चुकलेलं बटण दाखवलं. शेवटी तिने दिग्दर्शकाला गाठलं आणि बाहेरच्या चित्रीकरणाच्या युनिटवर बदली मागून घेतली. सोमवारपासून.

शुक्रवारी चॅनलची माणसं सेटवर आली. त्या नजरेने मालिका लोकांच्या तोंडी झाली होती. आजच्या नव्या प्रसंगात पुन्हा तशी जमली तर मित्राची गोष्ट वाढवायची, नाव शीर्षकात नायकाच्या जोडीने द्यायचं. नाही जमली तर मित्र परगावी नोकरीला जाणार, असं लेखकाने लिहूनही ठेवलं होतं. नायिकेलाही आता त्या नजरेचं कौतुक वाटत होतं. आज मी स्वतः थांबून वाक्यं देते, ती म्हणाली. वहीताईने खोका पायाने बाजूला सरकवला आणि ती मॉनिटरच्या मागे जाऊन बसली.

पहिला टेक गेला. दुसरा, तिसरा. सातव्या टेकपर्यंत तो सगळं बरोबर करत होता, आणि नजर काही येत नव्हती. चॅनलवाले घड्याळ बघू लागले. याच्या कपाळावर घाम. वहीताईचा जीव खालीवर व्हायला लागला. जळत होती, तरी त्याची बारा वर्षं अशी पाण्यात जावीत असं तिला मुळीच वाटत नव्हतं.

नायिकाच वैतागून म्हणाली, "हा माझ्याकडे बँकेच्या खिडकीकडे बघावं तसा बघतोय. मागच्या वेळी माझ्या जागी कोण होतं?"

वहीताईने सवयीने वही उघडली, त्या दिवसाचं पान काढलं. तिच्याच अक्षरात होतं : 'खिडकी. मित्राचा क्लोजअप. नायिका गेली. वाक्यं दिली — मी.'

तिने ते तीनदा वाचलं. बोटाखालच्या ओळी रोजच वाचायच्या, त्यात खिडकीच्याही होत्या हे तिच्या लक्षातच राहिलं नव्हतं. सगळ्या जगाची नोंद ठेवणारी बाई, आणि आठवडाभर स्वतःवरच जळत होती.

"मी होते," ती म्हणाली.

खोका परत आला. त्याने हात पुढे केला. तो धरून ती चढली. तिला वाक्य पाठ होतं, म्हणून म्हणा किंवा धीर करून म्हणा, या वेळी तिने कागद खाली धरला.

"काही सांगायचंय तुला?"

त्याने नजर उचलली... आणि पडद्यावर अकरा वेळा पाहिलेलं ते तिने हाताच्या अंतरावरून पाहिलं. पडद्यावर निम्मंसुद्धा आलं नव्हतं. पुढचं वाक्य तिला आठवेना. त्याने लेखकाने लिहिल्याप्रमाणे मान हलवली, काही नाही म्हणाला, आणि दिग्दर्शकाने समाधानाने शॉट संपवला. चॅनलवाले एकमेकांकडे बघून हसले. नायिका लांबूनच म्हणाली, अच्छा, असं आहे होय, आणि आपली पर्स उचलून गेली.

दिवे बंद व्हायला लागले. ती खोक्यावरच उभी होती.

"काही सांगायचंय तुला?" तिने पुन्हा विचारलं. आता कॅमेरा बंद होता.

"हो," तो म्हणाला. "तू आवडतेस मला. पहिल्या दिवसापासून. रोज सांगत होतो... तुझं लक्ष कागदात."

"मला वाटलं, ती..."

"माहितीये काय वाटलं. आठवडाभर माझी बटणं मोजलीस."

ती लाजली, मग हसली. मलाही तू आवडतोस, इतकं हळू म्हणाली की त्याला पुढे वाकावं लागलं. मग त्याने जरा भीतभीतच विचारलं, सोमवारी बाहेरच्या युनिटवर जाणार ना?

"मी गेले तर इथे कोण उभं राहणार?"

"करतील कुणालातरी उभं."

"आणि तू तिच्याकडेही असाच बघणार?"

"कामच आहे माझं," तो साळसूदपणे म्हणाला.

वहीताई खोक्यावरून उतरली आणि तडक दिग्दर्शकाकडे गेली, बदली रद्द करून घ्यायला.