पडद्यावरचा देवदत्त

हे रचलेलं नाही. ऊर्मी माझी सख्खी मावसबहीण. गेल्या जानेवारीत, टोरोंटोच्या एका आर्ट गॅलरीत तिच्यासोबत हे घडलंय.

ऊर्मी तिथे प्रोजेक्टर, स्क्रीन लावायचं काम करते. एका जपानी कलाकार बाईंचं व्हिडिओ प्रदर्शन लागणार होतं. भिंतींवर टोकियोतलं सीसीटीव्ही फुटेज. स्टेशनं, लिफ्ट, इमारतींचे पॅसेज. वरून टीव्हीच्या बातम्यांचा गोंगाट. सगळीकडे कॅमेरे, पण फुटेजमध्ये माणूस एकही नाही.

तिला हे काम नकोच होतं. तिचा भाऊ देवदत्त टोकियोतच नोकरीला होता. एका सकाळी ऑफिसला निघाला, तो पोचलाच नाही. पोलीस झाले, वकिलात झाली. मावशी अजून प्रत्येक फोनला धावते.

त्या दुपारी गॅलरी बंद होती. बाहेर बर्फ. ऊर्मी एकटीच टेस्टिंग करत होती.

अचानक बातम्या थांबल्या...

एका पॅसेजमध्ये कोणीतरी पाठमोरं उभं होतं.

डावा खांदा किंचित झुकलेला.

"दादा?"

तो चालू लागला. या भिंतीवरून त्या भिंतीवर.

तिने कलाकार बाईंना फोन लावला. "पॅसेजमधला माणूस कोण आहे? कुठे शूट केलंत? प्लीज सांगा!"

"कोणता माणूस?" बाई गोंधळल्या. "एकही फ्रेम अशी नाही."

शेवटच्या पडद्याला गॅलरीतलाच कॅमेरा जोडला होता. बघणारा स्वतःच त्यात दिसायचा.

त्यात ऊर्मी दिसत होती...

आणि तिच्या शेजारी देवदत्त.

ती गर्रकन वळली. कोणीच नाही.

पडद्यावर त्याचे ओठ हलत होते. आवाज नव्हता.

"मोठ्याने बोल ना रे!" ती भिंतीवर हात आपटत रडायला लागली. "आई झुरतेय. कुठे आहेस, तेवढं तरी सांग!"

त्याने हात पुढे केला...

पडद्यावरच्या ऊर्मीने तो धरला.

खरी ऊर्मी जागची हललीही नव्हती.

दोघं चालत पडद्याबाहेर गेली. पडद्यावर मागे रिकामी खोली उरली. खरी ऊर्मी तिथेच उभी होती, तरीही.

मी टोरोंटोजवळ ओकव्हिलला राहते. काल संध्याकाळी तिचा व्हिडिओ कॉल आला.

रिकामी खुर्ची दिसली. खिडकी दिसली.

"ताई..." आवाज अगदी तिचाच होता. "मी दिसतेय ना गं तुला?"

मी 'हो' म्हणाले.

मावशीला काय सांगू, तेच कळत नाहीये.