तेजाचं माप

पुण्याच्या शीतकरण प्रयोगशाळेत डॉ. उर्मिला दातारांनी रक्ताची नळी प्रकाशमापक बिल्ल्याखाली धरली. आकडा उमटला: प्राणवायू नव्याण्णव टक्के.

"यात प्राणवायू जवळजवळ नाहीच," त्यांचे वरिष्ठ डॉ. मेहेंदळे म्हणाले. "मी कार्बन मोनॉक्साइड मिसळलाय. तो हिमोग्लोबिनला प्राणवायूपेक्षा दोनशेपट घट्ट चिकटतो आणि रक्त लालबुंद करतो. तुमचा बिल्ला नुसती लाली बघतो, बाई. आत कोण येऊन बसलंय ते विचारत नाही."

उर्मिलेने नळी स्टँडमध्ये ठेवली आणि बिल्ल्यावरचा आकडा पुन्हा वाचला.

वीज मिळेनाशी झाल्यापासून घाटमाथ्यावर घरोघरी ज्योत-शीतक आले होते. हे फ्रीज गॅसच्या लहानशा ज्योतीवर चालत. बर्नर काजळीने चोंदला की ज्योत नीट जळत नसे आणि हा बिनवासाचा वायू सुटे. म्हणून उर्मिलेने रक्षक-झडप बनवली होती. दंडावरच्या बिल्ल्याने प्राणवायू घटल्याचं कळवलं की झडप ज्योत विझवणार. पहिली झडप तिने मामांकडे, कीर्तनकार अच्युतबुवांकडे बसवली होती. आठवडाभर त्यांचं डोकं दुखत होतं, पण बिल्ला ठणठणीत सांगतोय म्हणून तिने काळजी करू नका म्हटलं होतं. "तुझ्या यंत्राने पास केलंय उर्मे, म्हणजे ही माझीच नाटकं," असं म्हणून ते हसले होते.

तिने फोन लावला. कोणी उचलला नाही. ती तशीच गावाकडे निघाली.

आवाज बसू नये म्हणून बुवा थंडीत खिडक्या घट्ट लावून, उबेला स्वयंपाकघरातच झोपत. लेकीकडे गेलेली मामी सकाळी परतली तेव्हा सगळं संपलं होतं. उर्मिला पोचली तेव्हा अंगण माणसांनी भरलं होतं. बुवांचे ओठ आणि नखं गुलाबी दिसत होती.

"बघ गं," मामी म्हणाली, "जन्मभर गाऊन आळवलं त्याला. जाताना तेज दिलंन."

उर्मिलेने तिला आत नेऊन सगळं सांगितलं, ती झडप आपलीच, हेही. मामीने दार लोटून घेतलं.

"मला सांगितलंस, पुरे. बाहेर नको सांगूस. तेवढं तरी राहू दे त्यांचं."

पण अंगणातल्या बहुतेकांच्या घरी हेच शीतक होते आणि खिडक्या बंद. उर्मिला पायरीवर येऊन उभी राहिली.

"हे तेज देवाचं नाही. शीतकाच्या विषारी वायूचं आहे. घरी जा, खिडक्या उघडा, ज्योत विझवा."

कोणी हललं नाही. "बुवांची सख्खी भाची," कोणीतरी हळूच म्हणालं. मग मागे एकाने टाळ वाजवायला सुरुवात केली, आणि बाकीच्यांनी सूर धरला.